लिहून दिलेलं वाक्य

"गुडघ्यावर बस," डॉक्टर मला म्हणाले. "आणि हे घे." हातात फरशी पुसायचं फडकं दिलं.

मी फरवानियातल्या एका दवाखान्यात जनरेटर चालवायचो. फडकं माझं काम नव्हे.

एक्क्याण्णव साल. इराकी फौजा नुकत्याच हटल्या होत्या. तेलविहिरी जळत होत्या, भरदुपारी दिवे लावावे लागत. जर्मनीहून टीव्हीवाले आले होते. त्यांचा लेखक पंचविशीतला पोरगा, त्याचा हा पहिलाच कार्यक्रम. त्याने माझ्याकडे एकदा पाहिलं आणि माझा संवाद लिहून टाकला. आमचे डॉक्टर पुण्याचे. त्यांनी तो मला मराठीत वाचून दाखवला: "साहेब लोक पळाले. आम्ही अडाणी माणसं. नुसते रडत बसलो."

अंगाची लाहीलाही झाली. सात महिने मी मळक्या चादरींखाली डिझेल लपवलं. सैनिक दारात असताना यंत्र चालू ठेवलं. पळाले होते ते हेच डॉक्टर, इराकी शिरले त्या पहिल्याच आठवड्यात; आता परत आले होते.

"मी काय केलं ते सांगा ना त्याला," मी म्हणालो.

"अरे, त्याला गरीब माणूस हवाय. बोल की! तुझं काय जातंय?" मग हळूच, "अकामा संपतोय ना तुझा?"

राहण्याचा तो परवाना त्यांच्याच शिफारशीवर अडकला होता.

मी खाली बसलो. हो, बसलो. खोटं कशाला सांगू? कॅमेरा सुरू झाला.

आमच्या गावच्या दशावतारात कुणाला संवाद लिहून देत नाहीत. राजा असो की दूत, उभा राहिला की ज्याचं त्याने बोलायचं. मी तिथे दूत व्हायचो. दूतसुद्धा स्वतःचं बोलतो. आणि इथे एक परका पोरगा माझ्या तोंडात शब्द कोंबत होता.

फडकं टाकून उठलो. कॅमेऱ्यात बघून म्हणालो, "सात म्हयने हयलो जनरेटर मीया चालवलंय. माझा बोलणा मीच बोलतलंय!"

लेखकाने डॉक्टरांकडे पाहिलं. डॉक्टरांनी फडकं उचलून परत माझ्यापुढे धरलं. मग मीच मोडक्या इंग्रजीत सांगितलं. त्याने ऐकलं, आणि कॅमेरा बंद करायला लावला.

शिफारस झाली नाही. गावी परतावं लागलं. कार्यक्रम निघाला म्हणे. फरशी दुसऱ्या कुणी पुसली. त्या बिचाऱ्यावर माझा राग नाही.

पण एक ठरलंय. माझ्याबद्दल लिहायचं तर आधी मला विचारायचं. न विचारता लिहाल, तर तुमच्याच कॅमेऱ्यासमोर उभा राहीन आणि तुमचं वाक्य तिथल्या तिथे खोटं पाडीन.