समासातली पेन्सिल

रामदासपेठेतल्या माझ्या वाचनालयात तो दर शनिवारी यायचा. उमरेडकडून कोळशाचा ट्रक आणतो, एवढंच त्यानं स्वतःबद्दल सांगितलं होतं. टोळ्यांच्या आणि स्मगलरांच्या कादंबऱ्या सोडून त्यानं कधी दुसरं काही नेलं नाही. कानावर पेन्सिल असायची. लेखक कुठे चुकला, की टोक जिभेला लावून तो समासात दुरुस्ती करायचा. 'माल असा उतरवत नाहीत. आधी नाक्यावर आपला माणूस उभा करतात.' पुस्तक परत देताना म्हणायचा, "लिहिणाऱ्याले काही मालूम नाही गा." मी हसायचो. पुस्तकात लिहितो म्हणून त्याला कधी टोकलं नाही.

एका शुक्रवारी पोलीस ठाण्याचे नवे फौजदार सभासद झाले. दुसऱ्याच दिवशी तो खोडरबर घेऊन आला. त्याला कोणी सांगितलं, ठाऊक नाही. बाकावर बसून त्यानं एकेक पुस्तक मागून घेतलं आणि सगळी अक्षरं सावकाश खोडली. रबराचा चुरा रुमालात गोळा केला.

"एक पुस्तक दिसून नाही राहिलं गा," तो म्हणाला.

"ते काल फौजदारसाहेबांनी नेलं. देण्याआधी त्यातलं मीच खोडलं."

त्यानं रुमालाला गाठ मारली. "म्हणजे तू सारं वाचत होता."

त्यानंतरही तो दर शनिवारी येत राहिला. समास कोरे असायचे आणि मला तो 'तुम्ही' म्हणायचा. 'गा' म्हणायचा तेव्हा मला त्याची भीती वाटली नव्हती.