भिंतीवरचे अण्णा

आमच्या अण्णांनी जन्मभर सिनेमात कामं केली, पण पोस्टरवर काही आले नाहीत. कधी पाटील, कधी हवालदार, नाहीतर नायिकेचा बाप. कोरेगावच्या बाजारात लोक थबकायचे, "तुमी ते… ते हे नव्हं का?" म्हणून तिथंच अडायचे. अण्णा हसून म्हणायचे, "व्हय, त्योच मी."

त्यांचं शेवटचं काम मालिकेतलं. पहिल्याच भागात त्यांना मारलं आणि हार घातलेला फोटो दिवाणखान्याच्या भिंतीवर टांगला. आईचा असा भडका उडाला म्हणता! "आवं, जित्तं माणूस तुमी, आन् हार घालून घेता? लाज न्हाई वाटत?"

"अगं, पाठांतर न्हाई, मेकअप न्हाई, घरबसल्या रोज टीव्हीवर! असा रोल कुणाला मिळतोय?"

आईनं ती मालिका घरात लावूच दिली नाही.

पुढं वर्षभरात अण्णा खरोखरच गेले. मी त्यांचा फोटो फ्रेम करून आणला, तर आई म्हणाली, "घातला तेवढा हार बास झाला." फोटो कपाटात गेला. आणि एका संध्याकाळी आईनंच रिमोट उचलून ती मालिका लावली.

गोष्टीशी तिला काही देणंघेणं नव्हतं. तिची नजर मागच्या भिंतीवर. मालिकेतली सून नेमकी फोटोसमोर उभी राहून रडायला लागली की आई खेकसायची, "सरक की गं भवाने, बाजूला हून रड!" मी हसायचे, पण माझाही जीव त्याच भिंतीत अडकलेला. अण्णा नीट दिसले की आई दोन घास जास्त जेवायची. असली रटाळ मालिका, पण कधी संपूच नये असं वाटायचं.

गेल्या महिन्यात मालिकेतल्या लोकांनी ते घर विकलं आणि पुण्यात फ्लॅट घेतला. सामान निघालं तशी आई टीव्हीजवळ सरकून बसली. "फोटो घेत्यात का बघ गं." गाद्या निघाल्या, देव निघाले, तुळशीची कुंडीसुद्धा निघाली. दुसऱ्या दिवशी नव्या घरातली भिंत दिसली. तिच्यावर भलंमोठं घड्याळ होतं.

मला असा संताप आला! स्वतःच्या बापाला मागं टाकून गेले मेले!

आईनं टीव्ही बंद केला. मग म्हणाली, "कपाटातला त्यो फोटो काढ."

मी काढला. तिनं पदरानं काच पुसली.

"हार आणू?" मी भीत भीत विचारलं.

"आण," आई म्हणाली. "आता त्यास्नी दुसरं घर न्हाई."