अप्पांनी पाहिलेला तिसरा अंक

सुरुवातीलाच सांगून टाकते, म्हणजे नंतर गैरसमज नको. मी जवळजवळ चाळीस वर्षं शाळेत विज्ञान शिकवलं. अंगात येणं, भानामती, दारावरची लिंबू-मिरची... या सगळ्याची मी आयुष्यभर टर उडवली. आणि माझे वडील तर माझ्या वरताण. अप्पा भूगर्भशास्त्रज्ञ होते. वाळवंटात पाणी कुठे लागेल ते शोधणाऱ्या सरकारी खात्यात त्यांची नोकरी. गावोगावचे पाणाडे तळहातावर नारळ धरून पुढे यायचे, तेव्हा अप्पा त्यांना चहा पाजून परत पाठवायचे. "आधी निरीक्षण, मग नोंद, मग निष्कर्ष," हा त्यांचा जप आम्ही दोघी बहिणींनी परवच्याच्या आधी पाठ केला होता. अशा माणसाच्या बाबतीत हे घडलं, म्हणून तुमच्या सदरासाठी लिहिते आहे. टाइप नात करते आहे, तेव्हा चुका तिच्या.

तर माझी धाकटी बहीण कुंदा. आडनाव लिहीत नाही, पण पन्नाशी ओलांडलेल्या वाचकांनी तिला नक्की पाहिलंय, पैज लावते. मुंबईची रंगभूमी तिने कितीतरी वर्षं गाजवली. मग मुंबईत टीव्ही आला आणि तिचा चेहरा घराघरांत पोचला. तिच्याबरोबर मंडईत गेलं की भाजीवाल्या मला ढकलून तिला पुढे घ्यायच्या. माझी बहीण आहे म्हणून कौतुक करत नाही... नाही, खरं तर म्हणूनच करते. का करू नये? या सगळ्याची सुरुवात जयपूरला एका शाळेच्या हॉलमध्ये झाली, आणि ती होता होता राहिली असती.

पानशेत फुटलं त्या वर्षीचा गणेशोत्सव. आम्ही मूळचे साताऱ्याचे, पण अप्पांच्या बदलीमुळे लहानपणीच जयपूरला आलो. बनीपार्कात राहायचो. जयपुरात मराठी घरं होती ती अशीच, बदलीवर आलेली. कुणी बँकेत, कुणी विम्यात, कुणी मिलिटरीत. गणपतीत सगळे एकत्र यायचे आणि एक तीन अंकी नाटक व्हायचं. नाटक दरवर्षी करंदीकरकाका लिहायचे आणि बसवायचेही तेच. काका विमा कंपनीत अधिकारी होते, पण त्यांचा जीव सगळा नाटकात.

त्या वर्षी नायिकेचं काम गोखलेकाकूंकडे होतं. प्रयोग बारा दिवसांवर आला आणि गोखल्यांच्या हातात भोपाळच्या बदलीची ऑर्डर पडली! आमच्या मंडळाच्या निम्म्या नायिका अशाच बदलीने गेल्या. आता ऐन वेळी बाई कुठून आणायची? करंदीकरकाका आमच्याकडे आले आणि त्यांनी कुंदाला मागितलं. ती तेव्हा सतरा-अठराची. रोज तालमीला माझ्याबरोबर यायची, कारण मी प्रॉम्प्टर होते. बसल्या बसल्या तिला सगळं नाटक पाठ झालं होतं.

अप्पा तडक नाही म्हणाले. "मुलीचं इंदूरला ठरत आलंय. दिवाळीनंतर त्यांची माणसं येणार. नाटकात काम करते म्हटल्यावर ते काय म्हणतील?"

"अहो, मंडळाची अडचण आहे," आई म्हणाली. "आपल्याच माणसांत तर करायचंय."

शेवटी अप्पा तयार झाले, पण अटीवर. "हे एक नाटक. पुन्हा या घरात नाटकाचं नाव निघणार नाही. कबूल?"

कुंदा कबूल म्हणाली. दुसरं काय म्हणणार होती? पण त्या बारा दिवसांत मी तिला पाहत होते. आमचं शिक्षण सगळं हिंदीत, त्यामुळे तिच्या बोलण्यात दर दोन वाक्यांनी 'मतलब' यायचं. करंदीकरकाका ओरडायचे, "तुझं ते मतलब विंगेत ठेवून ये गं!" चौथ्या दिवशी ते गेलं ते गेलंच. ती उभी राहिली की तालमीतल्या बायका विणकाम थांबवायच्या. काका एकदा मला बाजूला घेऊन म्हणाले, "मालू, मी पुण्यात चांगल्या चांगल्यांची कामं पाहिलीत. ही पोर इथे वाया जाईल. मुंबईला माझी बहीण आहे, तिच्याकडे राहू दे, मी नाटक कंपनीला चिठ्ठी देतो. अप्पांशी बोल." मी बोलले. अप्पांनी वर्तमानपत्रातून मान वर केली नाही.

प्रयोगाच्या चार दिवस आधी अप्पा बाडमेरकडच्या कॅम्पवर निघून गेले. जयपूरहून जीपने दीड दिवसाचा रस्ता. "माझं काम बघायला थांबता नाही का येणार?" कुंदाने दारात विचारलं. "त्यात बघण्यासारखं काय आहे?" एवढं म्हणून ते जीपमध्ये बसले. ती आत येऊन खूप वेळ रडली. मला तेव्हा अप्पांचा फार राग आला होता.

आता मुख्य गोष्ट. नमनाला घडाभर तेल झालं, पण हे सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही.

प्रयोग रविवारी दुपारी तीनला होता, कारण शाळेला हॉल संध्याकाळी परत हवा होता. उकाडा मरणाचा. हवा यावी म्हणून हॉलचं बाजूचं दार उघडं ठेवलं होतं आणि मंडळाचे एक गृहस्थ तिथे खुर्ची टाकून बसले होते. मी डाव्या विंगेत, मांडीवर वही. पहिले दोन अंक झकास झाले. टाळ्या, शिट्ट्या, सगळं.

तिसरा अंक. नाटकातली नायिका वडिलांचं न ऐकता शिकायला बाहेर पडलेली, आणि तिचे वडील तिला परत न्यायला येतात असा प्रसंग. हे वडील म्हणजे गावातले कडक हेडमास्तर. ते काम साठेकाकांकडे होतं. कुंदा म्हणाली, "कोण? बाबा?" आणि साठेकाका आलेच नाहीत! मी पुन्हा मोठ्याने क्यू दिला. कुणी नाही. मागाहून कळलं, घामाने त्यांची मिशी सुटून चहाच्या कपात पडली होती, आणि ते आणि करंदीकरकाका दोघंही मागच्या अंगणात डिंक शोधत होते.

प्रॉम्प्टर काय करणार? वहीत पुढचं वाक्य साठेकाकांचं. कुंदाला द्यायला माझ्याकडे एक अक्षर नव्हतं. कुंदा क्षणभर तशीच उभी राहिली. मग तिने मान वळवली, बाजूच्या दाराकडे पाहिलं... आणि बोलायला लागली. वहीत नसलेलं.

"आलात? बरं झालं. बसू नका, उभ्यानेच ऐका. बाबा, तुम्ही परक्यांच्या मुलांचे पेपर दोनदोनदा तपासता. एका मार्काने कुणाचं नुकसान होऊ नये म्हणून जागता. आणि माझा पेपर? तो तुम्ही न उघडताच नापास केलात. एकदा उघडून तरी बघा. मग द्या काय द्यायचे ते मार्क."

आणि मग जो टाळ्यांचा कडकडाट झाला, तो माझ्या कानात आजही आहे. तेवढ्यात अर्धी मिशी हाताने दाबत साठेकाका आत शिरले आणि नाटक पुढे गेलं. प्रेक्षकांना वाटलं, हे नाटकातलंच. पुढच्या रांगेत बसलेल्या आईलाही तसंच वाटलं. वहीत ते नाही, हे फक्त आम्हां दोघींना माहीत.

पडदा पडल्यावर कुंदा माझा दंड धरून म्हणाली, "ताई, अप्पा कुठायत?"

"अप्पा? ते बाडमेरला नाहीत का?"

"काहीतरीच काय! दारात उभे होते. खाकी शर्ट, हातात हॅट. मी त्यांच्याकडे बघूनच बोलले ना सगळं. तुला खरंच नाही दिसले?"

विंगेतून ते दार दिसतच नव्हतं. मी जाऊन दारातल्या गृहस्थांना विचारलं. ते म्हणाले, "छे हो, मी हललोसुद्धा नाही. कुणी आलं नाही." मी कुंदाला समजावलं की घाबरल्यावर असे भास होतात, तुला अप्पा यावेसे वाटत होते म्हणून दिसले. विज्ञानाची विद्यार्थिनी ना मी! विषय तिथेच संपवला.

अप्पा नऊ दिवसांनी परत आले. ते आंघोळीला गेले आणि त्यांचा ड्रायव्हर भंवरलाल ट्रंक घेऊन ओसरीवर आला. हळूच आईला म्हणाला, "बाईजी, साहब को किसी डॉक्टर को दिखा दो. इतवार को धूप चढ़ गई थी उनको."

आई घाबरली. तिने खोदून विचारलं, तेव्हा त्याने सांगितलं की रविवारी साडेचार-पाचच्या सुमाराला साहेब तंबूबाहेर खुर्चीवर बसले होते. डोळे सताड उघडे. तो चहा घेऊन गेला, तीन हाका मारल्या, पण साहेबांचं लक्षच नाही. "फिर एकदम से खड़े हो गए बाईजी, और ताली बजाने लगे! वहाँ देखने को था कौन... मैं, और दो ऊँट!"

तो हसत होता. मी आणि कुंदा एकमेकींकडे बघत राहिलो. आमचा तिसरा अंक तेव्हाच चालू होता.

दिवेलागणीला अप्पांनी मला हाक मारली. "मालू, तुझी ती नाटकाची वही आण."

मी आणली. कुंदा आणि आईही बाहेर आल्या. टेबलावर आईने कॅम्पवर पाठवलेली दोन पत्रं पडली होती. ती अप्पांना येताना वाटेत बाडमेरच्या पोस्टात मिळाली होती आणि अजून फोडलेलीही नव्हती. अप्पा आमच्याकडे न बघता बोलायला लागले.

"रविवारी मला उन्हाचा त्रास झाला असावा. डोळ्यांसमोर काही दिसलं. नाटक दिसलं. आता ही वही कितीतरी दिवस घरात पडलेली होती, मी येताजाता नकळत वाचली असणार. तेच उन्हात डोक्यात फिरलं. एक वाक्य मला स्पष्ट आठवतंय. ते या वहीत असलं की प्रश्न मिटला."

त्यांनी तिसरा अंक पहिल्यापासून वाचला. एकेक पान, बोट ठेवून. मग पुन्हा वाचला. मला त्या वहीतली ओळन् ओळ पाठ होती, ते काय शोधतायत ते मला कळलं होतं.

"मालू, यातलं एखादं पान गळलंय का?"

"नाही, अप्पा."

"मग ते कुठे आहे? 'माझा पेपर तुम्ही न उघडताच नापास केलात' ... हे कुठे आहे?"

आईला काही कळेना. ती म्हणाली, "अहो, आहे की! मी ऐकलं ना." आणि कुंदा अगदी हळू म्हणाली, "ते वहीत नाही, अप्पा. ते माझं आहे. साठेकाका आले नाहीत, तेव्हा मी बोलले."

"कुणाला?"

"तुम्हाला. तुम्ही दारात उभे होतात."

अप्पांनी चष्मा काढला. त्यांच्या डोळ्यांत पाणी मी त्याआधी कधी पाहिलं नव्हतं, नंतरही नाही. मग त्यांनी वही मिटली, माझ्या हातात दिली आणि कुंदाकडे पाहून म्हणाले, "पेपर पाहिला मी. चांगला आहे."

दुसऱ्या दिवशी त्यांनी इंदूरला नकाराचं पत्र लिहिलं. नातेवाइकांनी नावं ठेवली, साताऱ्याचे काका दोन वर्षं बोलत नव्हते. अप्पांनी हूं की चूं केलं नाही. डिसेंबरात रजा काढून ते स्वतः कुंदाला मुंबईला पोचवून आले. पुढचं तुम्हाला माहीतच आहे, तुम्ही तिला पाहिलंय.

स्पष्टीकरण विचाराल, तर माझ्याकडे नाही. भास म्हणावा, तर दोन माणसांना दोन टोकांना एकाच वेळी एकच भास कसा होतो? कुणी कळवलं म्हणावं, तर कसं? तार नाही, फोन नाही, पत्रं बंद पाकिटात. अप्पांनी आपल्या परीने सगळं तपासून पाहिलं आणि सोडून दिलं. "कारण सापडत नाही म्हणून नोंद खोडता येत नाही," एवढंच म्हणायचे. मी त्यांच्याहून शहाणी नाही.

तीनेक वर्षांनी मुंबईत कुंदाला पहिल्यांदा मोठ्या नाटकात नायिकेचं काम मिळालं. शुभारंभाच्या प्रयोगाला आम्ही सगळे जयपूरहून गेलो. थिएटर खच्चून भरलेलं. अप्पा पुढून तिसऱ्या रांगेत, नवा कोट घालून, ताठ बसले होते. शेजारच्या अनोळखी माणसाला त्यांनी मध्यंतरात दोनदा सांगितलं, "ही माझी मुलगी." प्रयोग संपल्यावर आम्ही रंगपटात गेलो. कुंदा तोंडाचा रंग पुसत होती, ती तशीच उठली आणि त्यांच्या पाया पडली.

"कसं झालं, अप्पा? नीट ऐकू आलं ना सगळं?"

अप्पांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला. जरा विचार केला. आणि म्हणाले, "आलं. पण बाडमेरला जास्त स्पष्ट येत होतं."