पोथीच्या रुमालातली कादंबरी

मी कादंबरी लिहिली, हा माझा गुन्हा मला आजही मान्य नाही.

तीस-एकतीस सालची गोष्ट. रत्नागिरीच्या बंदराजवळ आमचं घर उतारूंना राहायला असायचं. समुद्र खवळला की आगबोट न थांबताच पुढे जायची आणि मुंबईला निघालेली परकी माणसं आमच्याकडे अडकायची. अशी आयती पात्रं पंगतीला बसलेली असताना मी नुसता भात वाढत राहायचं? मी लिहिलं! घोरणारे वकील लिहिले, सोलकढीची पाचवी वाटी ‘जरा चवीपुरती’ मागणारे मास्तर लिहिले. एक सालस, सोशीक मालकीण लिहिली, म्हणजे मी. आणि एक तोंडाळ स्वैपाकीण. (ती कोण, हे सासूबाईंच्या देखत सांगणं बरं नव्हे.)

आता ही सुटी पानं लपवायची कुठे? देवघरातल्या पोथीला मामंजींशिवाय कुणी हात लावत नसे. म्हणून मी ती पोथीसारख्याच तांबड्या रुमालात बांधून तिच्याशेजारी ठेवली. स्वतःच्या हुशारीवर खूशही झाले!

मामंजींना दिसायचं कमी. दिवेलागणीला ते एखाद्या उतारूकडून पोथी वाचून घेत. त्या दिवशी तेच वकील आणि मास्तर पुन्हा आमच्याकडे अडकले होते. मामंजींनी रुमाल चाचपून उचलला तो नेमका माझा, आणि दिला मास्तरांकडे. मास्तरांनी खणखणीत सूर लावला, “वकीलसाहेब घोरू लागताच घराची कौलं हलली…”

मामंजी हात जोडून, डोळे मिटून ऐकत होते. दोन पानांनंतर त्यांनी विचारलं, “अध्याय कितवा हा?”

मी पळी घेऊनच ओटीवर धावले. दोन वर्षं चोरून लिहिलेलं आता चुलीत जाणार, याची मला भीती होती. पण माझं तोंड कधी भ्यालेलं नाही. “मी लिहिलंय ते,” मी म्हणाले. “एक अक्षर बदलणार नाही. जाळायचं तर आधी पुरतं ऐका.”

मामंजींनी पुन्हा डोळे मिटून घेतले. मग म्हणाले, “मास्तर, पुढचं पान घ्या.”

सगळं वाचून झालं. वकील मास्तरांना हसले, मास्तर वकिलांना हसले. स्वतःला कुणीच ओळखलं नाही! मी जिंकले होते.

एवढ्यात सासूबाई डोळे पुसत पुढे आल्या. “ती सोशीक मालकीण म्हणजे मीच गो! किती बारकाईनं पाहिलंस मला. आणि ती तोंडाळ स्वैपाकीण तर हुबेहूब तू हो!”

सगळ्या ओटीनं माना डोलावल्या. मामंजींनी जरा जास्तच.

मग मात्र ती स्वैपाकीण मी नव्हेच, हे पटवायला मी पळी नाचवत सगळ्यांशी अशी काही भांडले, की कुणाला थोडीफार शंका उरली असेल तर तीही फिटली.