नॉर्मनचं डावं-उजवं

लेस्टरच्या नॉर्मन गिब्बिन्सचं उभं आयुष्य उलटं कोरण्यात गेलं. लाकडाच्या ठोकळ्यावर चित्र कोरायचं, शाई फासायची, वर कागद दाबायचा, हा त्याचा धंदा. कागदावर चित्र उलटून उमटतं, म्हणून ठोकळ्यावर आधीच उलटं काढावं लागतं. जन्मभर हे केल्यावर माणसाचं जे व्हायचं तेच झालं. कुणी पत्ता विचारला तर नॉर्मन ‘डावीकडे’ म्हणायचा आणि हात उजवीकडे करायचा. बायको होती तोवर निभावलं. कोरणी हातात घेतली की व्हेरा स्वयंपाकघरातून ओरडायची, "आरसा बघितलास का?" मग तो टेबलावरच्या दाढीच्या आरशासमोर ठोकळा धरायचा, त्यात चित्र सुलटं दिसायचं. व्हेरा गेली आणि डाव्या-उजव्याचा निवाडा करणारं कोर्टच उठलं.

पोरवयात तो छापखान्यात लागला तो मोज्यांच्या कॅटलॉगवर. लेस्टर म्हणजे मोज्यांचं गाव. वर्षानुवर्षं नॉर्मनने पाय कोरले. गुडघ्याच्या वर जायची मालकाची परवानगी नव्हती. पुढे फोटो आले, पाय गेले. मग पुस्तकांतले पक्षी, बियांच्या पाकिटांवरचे कोबी. ओळखीच्या माणसाचा चेहरा मात्र हातून कधी झालाच नाही. व्हेरासाठी एक उत्तम ठोकळा राखून ठेवला होता. ‘पुढच्या हिवाळ्यात’ म्हणता म्हणता तो ठोकळा राहिला, व्हेरा राहिली नाही.

२००६च्या वसंतात शेजारच्या चैत्रालीकडे तिची आई वर्ध्याहून राहायला आली. लीलावतीबाई विमानातून उतरल्या त्या जावयाच्या कोटात शिरल्या आणि उन्हाळाभर बाहेर आल्या नाहीत. कोटाच्या खाली साडी आहे हे पावलांवरून कळायचं तेवढंच. रोज कुंपणावरून थालीपीठ यायचं.

"खा हो नॉर्मनभाऊ, किती वाळलात!"

नॉर्मन इंग्रजीत म्हणायचा, "हो, संध्याकाळी पाऊस आहे म्हणतात."

दोघांचं उत्तम जमलं होतं.

ऑक्टोबरात चैत्रालीने सांगितलं, आई रविवारी परत जाणार. नॉर्मनने ठरवलं, ह्या खेपेला ‘पुढच्या हिवाळ्यात’ म्हणायचं नाही. त्याने व्हेराचा ठोकळा काढला आणि चैत्रालीकडून आईचा फोटो मागून आणला.

फोटो बघितला आणि गोंधळ सुरू झाला. पदर डाव्या खांद्यावर! बेलग्रेव्ह रोडच्या गल्लीत त्याची हयात गेली होती. तिथल्या झाडून साऱ्या गुजराती बायकांचा पदर उजव्या खांद्यावरून पुढे. म्हणजे वर्ध्याच्या फोटोवाल्याने फोटो उलटा छापला! बिचाऱ्या बाईला कुणी सांगितलंही नसेल. खात्री करावी म्हणून तो कुंपणापाशी गेला. नाकातली चमकी कुठल्या बाजूला आहे एवढं बघायचं होतं. पण नाकावर मफलर होता. शिवाय समोरच्या माणसाचं डावं आपल्या कुठे येतं, हा हिशोब घरी पोचेपर्यंत दोनदा फिरला. "व्हेरा," तो आरशाला म्हणाला, "ह्यांची चूक मी दुरुस्त करतो."

आणि फोटो ठोकळ्यावर जसाच्या तसा उतरवून त्याने कोरला. कागद पालथा ठेवून चमच्याच्या पाठीने घासला, उचलला, तर पदर उजव्या खांद्यावर. नॉर्मन खूश.

शनिवारी चित्र घेऊन तो शेजारी गेला. चैत्रालीने बघितलं आणि तिच्या कपाळाला आठी पडली. "छान आहे हो काका, पण... आईसारखी आहे आणि आई नाहीये."

जावई अवधूत खांद्यावरून वाकला आणि खो खो हसत सुटला. "आई, तुम्हाला काकांनी गुजराती केलंय! पदर बघा! उद्या विमानात ढोकळा मागा!"

"गप रे!" चैत्राली म्हणाली आणि नॉर्मनला अडखळत समजावू लागली: आमच्याकडे पदर डाव्याच खांद्यावर असतो. फोटो बरोबर होता.

नॉर्मनचे कान लाल झाले. कोरलेलं लाकूड भरून येत नाही, दुसरा ठोकळा नाही, उद्या विमान. कधी नव्हे तो एक चेहरा कोरला, तोही उलटा. त्याने कागद परत घ्यायला हात पुढे केला.

लीलावतीबाईंनी तो दिला नाही. कोट काढून त्या चित्राकडे बघत होत्या.

"काय चुकलंय ह्यात? मीच की ही!"

"अगं आई, पदर, चमकी, सगळं उलटंय!"

"तुम्हाला उलटं. मला नाही." त्या उठल्या आणि दारातल्या आरशापुढे चित्र गालाशी धरून उभ्या राहिल्या. "रोज कुंकू लावताना मला हीच दिसते. स्टुडिओतली ती बाई मला कधी ओळखीची वाटलीच नाही. चैतू, सांग त्यांना. म्हणावं, मला मी आज पहिल्यांदा कागदावर भेटले."

चैत्रालीने सांगितलं. नॉर्मनने मान हलवली. चूक माफ झाली की ती चूकच नव्हती, त्याला नीट कळलं नाही. लीलावतीबाईंनी चित्र बॅगेत दोन लुगड्यांच्या मधोमध ठेवलं आणि त्याच्या हातावर थालीपीठ ठेवलं.

सोमवारी दाढी करता करता नॉर्मनचा हात थांबला. आरशातला हा माणूस आपल्याखेरीज कुणीच बघितलेला नाही; लोकांना दिसतो तो ह्याच्या उलटा, आपण कधी न बघितलेला. मग व्हेरा एवढी वर्षं कुणावर ओरडत होती?