ताईचं पातेलं घेऊन वेळकऱ्यांकडे

जानेवारीतला तिसरा रविवार. सकाळी शीवहून बसने गिरगाव, दुपारी लालबाग, येताना दादर. संध्याकाळी सहाच्या आत घरी. सोबत एक पितळी पातेलं.

पातेलं माझ्या मोठ्या बहिणीचं, ताईचं. आम्ही दोघीच राहायचो. दिवाळीनंतर ती गेली. वेळकऱ्यांबद्दल मी ऑफिसात ऐकलं होतं. वस्तूत माणसाचा वेळ भरून देणारे हे कारागीर. त्यांची कचेरी गिरगावात आणि भट्टी लालबागला आहे. मला वाटलं, इतकी वर्षं तिच्या हातात असलेल्या भांड्यात तिचा थोडा तरी वेळ उरला असेल. तो मिळाला तर हवा होता, म्हणून निघाले.

कचेरी एका चाळीत दुसऱ्या मजल्यावर आहे. पाटी नाही, पण खालचा फुलवाला जिना दाखवतो. रविवारी दुपारपर्यंतच उघडी असते. टेबलाशी सावंतबाई म्हणून एक बाई होत्या. त्यांनी पातेल्यावर बोटाचं पेर वाजवलं आणि कान लावला.

"रिकामं आहे."

"पुन्हा एकदा ऐकता का?"

त्यांनी ऐकलं. "अहो, नुसतं वापरून वेळ साठत नाही. साठला असता तर माझ्या कुकरमधून शंभर वर्षं निघाली असती." मग माझ्याकडे बघून त्यांनी आवाज उतरवला. "कुणाचं आहे?"

"बहिणीचं. ती गेली."

"मग तिचा नाही हो भरता येणार. देणारं माणूस समोर बसावं लागतं. तुमचा भरता येईल. लालबागला जा, पण खाऊन जा. भट्टीचा धूर उपाशीपोटी चढतो."

खाली कोपऱ्यावर मिसळ खाल्ली. तिथली चांगली असते असं सगळे सांगतात. मला ती फक्त तिखट लागली. खरं तर तिथूनच परत फिरायला हवं होतं, पण घरी जाऊन काय करणार, म्हणून लालबागची बस धरली. स्टॉपवरून चिवड्याच्या दुकानांच्या मागच्या गल्लीत वळलं की कल्हईच्या नवसागराचा उग्र वास येतो. त्या वासामागे जायचं.

भट्टीवर पेडणेकर नावाचे कारागीर होते. माझ्या आधी एक आई आणि तिची नर्स असलेली मुलगी बसल्या होत्या. मुलीच्या डब्यात आईचा वेळ भरायचा होता. मुलीने ड्यूटीवर डबा उघडला की तेवढा वेळ तिला कोणी हाक मारणार नाही.

"पंधराच मिनिटं हां, आई."

"तू गप गो! ड्यूटीवर तुला कोण चहा तरी गिळू देतो काय? पेडणेकर, अर्धा तास घ्या."

"मावशी, सेल लागलाय काय?"

आईने डब्यावर दोन्ही हात ठेवले. पेडणेकरांनी आतून कथील फिरवलं, कापसाने पुसलं, पुन्हा फिरवलं. अर्धा तास झाला. आईने हात काढले आणि विचारलं, "सुरू कधी करताय? आत्ताच तर बसले."

मुलगी हसायला लागली. मला हसू आलं नाही. त्या बाईचा अर्धा तास गेला होता आणि तिला तो जाताना जाणवलाही नव्हता. ताई गेल्यापासून संध्याकाळचे सहा ते नऊ मला काढवत नाहीत. माझा नंबर आला तेव्हा मी ताईबद्दल काहीच बोलले नाही.

"माझा वेळ घ्या," मी म्हटलं. "रोजची संध्याकाळ घ्या. कितीही घ्या."

"कोणासाठी?"

"कोणासाठी नाही. नुसता काढून घ्या."

पेडणेकरांनी सांडशी खाली ठेवली. "बाई, घेणारा नसला तर भांड्यात वेळ कळकतो. ताकासारखा. मग त्यात पाणीसुद्धा पिववत नाही. एक नाव सांगा. भाची? पुतण्या?"

"नाही."

"शेजारी कोणी?"

शेजारच्या घराला कुलूप असतं. ऑफिसातल्या बायकांची नावं आठवून पाहिली. प्रत्येकीच्या घरी तिचं कोणीतरी होतं. माझ्या संध्याकाळी घेऊन त्या काय करणार?

मागच्या माणसाने घसा खाकरला.

"साधी कल्हई करून देतो," पेडणेकर म्हणाले. त्यांनी ती छान केली.

कोणी जाणार असाल तर बसने जा, सुती कपडे घाला आणि रविवारी लवकर पोचा. आणि ज्याचा वेळ हवा आहे, त्या माणसाला बरोबर घेऊन जा. तो असतानाच जा. मला हे कोणी सांगितलं नव्हतं. सांगितलं असतं तरी ताई म्हणाली असती, आत्ता काय घाई आहे.

दादरला बस बदलताना पाव किलो गवार घेतली. घरी आले. पातेलं फळीवर ठेवलं. ते आता बाकीच्या भांड्यांसारखंच आहे. त्यातून काही मिळेल असं गेले दोन महिने वाटत होतं, ते आता वाटत नाही. या सहलीतून एवढंच हाती आलं.

सहा वाजले होते. दिवा लावला, वर्तमानपत्र पसरलं आणि गवार मोडायला बसले.