वाळूत झोपलेला पिवळा मासा

खारं पाणी, वाळू, खडक आणि महागडे दिवे आणून जयनगरच्या फ्लॅटमध्ये काचेच्या टाकीत समुद्र थाटायची हौस माझ्या नवऱ्याला आली, तेव्हा मी कडाकडा भांडले होते. समुद्रच बघायचा तर मालवणला चल की, माझं माहेर काय ओस पडलंय? पुढे आई गेली, माहेर खरंच ओस पडलं आणि बाबा आमच्याकडे आले. त्या टाकीपुढची खुर्ची मग बाबांचीच झाली.

आयुष्यभर मासे ताटातच पाहिलेला माणूस! पहिल्या दिवशी म्हणाले, "एकही तळण्याजोगा नाही." पण थोड्याच दिवसांत त्यातल्या बोटभर लांबीच्या, हळदीसारख्या पिवळ्या माशावर त्यांचा जीव जडला. कॅनरी रॅस म्हणतात त्याला, प्रवाळांच्या आसपास राहणारा. बाबा खुर्चीत बसले की हा लगबगीनं काचेशी यायचा. आमच्याशी मोजकं बोलणारे बाबा त्याच्याशी मालवणीत तासन्‌तास गप्पा मारायचे. मला जरा हेवा वाटायचा, पण बाबा बोलतायत ह्याचं बरंही वाटायचं.

गणपतीत बाबा पुण्याला माझ्या भावाकडे गेले. जाताना बजावून गेले, "लक्ष ठेव गो त्याच्यावर." त्यांची पाठ वळते न वळते तोच नवऱ्यानं उत्साहाच्या भरात टाकीतले खडक हलवून सगळी मांडणी बदलली. दुसऱ्या दिवशी पिवळा मासा गायब! उडी मारून बाहेर पडला असेल म्हणून मी सोफ्याखाली पाहिलं, नवऱ्यानं खडकांमागे बॅटरी मारली. काही नाही.

संध्याकाळी बाबांचा व्हिडिओ कॉल आला. "दाखव बघू त्याला."

"झोपलाय, बाबा," मी बोलून गेले.

बाबांनी स्क्रीनवरच माझा चेहरा न्याहाळला. मग "बरं" म्हणाले आणि फोन ठेवला.

तेव्हा कुठे मला कळलं, मी काय बोलून बसले ते. आई कोल्हापूरच्या हॉस्पिटलात वारली तेव्हा बाबा मालवणहून गाडीनं यायला निघाले होते. त्यांचं हृदय नाजूक, वाटेत धक्का नको, म्हणून सगळ्यांनी फोनवर त्यांना हेच सांगितलं होतं, "झोपलीय." आपल्याकडे असंच करतात, म्हाताऱ्या माणसाला प्रवासात खरं सांगत नाहीत. बाबांनी त्याबद्दल कधी चकार शब्द काढला नाही. पण तेव्हापासून आम्ही "सगळं ठीक आहे" म्हटलं की ते आमच्या चेहऱ्याकडे बघत राहतात.

नवरा म्हणाला, "तसाच दुसरा आणू. त्यांना काय कळतंय!" कोरमंगलाच्या दुकानातून त्यानं हुबेहूब तसाच मासा आणला आणि बाबा यायच्या आत टाकीत सोडला. मला ते पटत नव्हतं, पण मी मूग गिळून बसले.

बाबा घरात आले ते चप्पल काढून थेट टाकीपुढे. नवा मासा खडकाशीच घुटमळत राहिला, काचेकडे फिरकला नाही.

"हो तो न्हय, हो दुसरोच," बाबा म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "गेला ना तो? सरळ सांग."

नवरा काहीतरी बोलणार होता. मी त्याला हातानं थांबवलं. "हो बाबा. गेला," म्हणाले आणि रडूच कोसळलं.

बाबांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. "सांगितलंस, बरं केलंस." आणि न जेवताच जाऊन पडले.

सकाळी मी चहा टाकत होते, तेवढ्यात बाहेरच्या खोलीतून बाबांची हाक आली, "गो, हयसर ये! धावत ये!" मला वाटलं, बाबांना काही झालं. बघते तर टाकीत दोन पिवळे मासे! एक खडकाशी, दुसरा काचेला नाक लावून बाबांसमोर, अंगावरची वाळू झटकत. अगं बाई! मी तर दोनदा मोजले.

नवऱ्यानं दुकानदाराला फोन लावला. तो पोट धरून हसला. म्हणे हा मासा घाबरला की वाळूत शिरतो आणि कित्येक दिवस तिथेच पडून राहतो.

बाबांनी सगळं ऐकून घेतलं. मग हळूच विचारलं, "म्हणजे तू फोनवर म्हणालीस तेव्हा..."

"झोपला होता, बाबा. खरंच झोपला होता."

बाबा हसायला लागले. आई गेल्यापासून पहिल्यांदाच. हसता हसता त्यांचे डोळे वाहायला लागले, तरी हसणं थांबेना. मग डोळे पुसत म्हणाले, "आण चहा. आणि खायला काय आहे? कालपासून उपाशी आहे मी."